भरीव आवाजाचा मुलामा

खाणीत तिला सगळे कानाबाई म्हणायचे. सव्वीस वर्षं तिचं एकच काम. पाळी सुरू होण्याआधी लांब लोखंडी दांड्याने बोगद्यांची छतं ठोकायची आणि आवाज ऐकायचा. खणखणीत आला तर दगड भरीव, भद्द आला तर आत पोकळी. ती "जा" म्हणाली की माणसं डोळे मिटून आत शिरायची. "थांबा" म्हणाली की पुढे पाऊल टाकायची मॅनेजरचीही टाप नव्हती. मॅनेजर तिचा धाकटा भाऊ. आईवडिलांमागे तिनेच त्याला लहानाचा मोठा केलेला.

त्या खाणीत मधुगार निघायची. फिकट निळी, जेमतेम बोटभर जाडीची खनिजाची शीर. जगात फारच थोड्या ठिकाणी सापडणारी. वाद्यं बनवणारे तिच्यासाठी जीव टाकायचे. तिची पूड डिंकात कालवून आतून फासली की खोक्याच्या फळ्यांचं व्हायोलिनसुद्धा जुन्या, मुरलेल्या लाकडासारखं बोलायचं. दगडात असेपर्यंत मात्र तिच्यात काही करामत नव्हती. पूड कोठारात असायची आणि कोठाराची किल्ली भावाच्या कमरेला.

एका मंगळवारी तिने सात नंबरचा बोगदा ठोकला. आवाज स्वच्छ, खणखणीत. "जा रे," ती म्हणाली. दहाच्या सुमाराला छत खाली आलं. सगळ्या खाणीत वाकून चालणारा, "माझी पाठ मेल्यावरच सरळ व्हायची" म्हणून इतरांना हसवणारा लंबू त्याखाली सापडला. जीव वाचला, पण उजवा पाय गुडघ्यापासून काढावा लागला.

 दवाखान्यात लंबूची बायको नुसती कानाबाईच्या कानांकडे बघत राहिली. त्यापेक्षा शिव्या परवडल्या असत्या.

संध्याकाळी भाऊ तिच्याजवळ येऊन बसला. "ताई, वय झालं की कान दगा देतात. यात तुझा काय दोष? तू आता घरी बस. मी सांभाळून घेतो सगळं." ती त्याच्या खांद्यावर डोकं ठेवून ढसाढसा रडली. किती समजूतदार निघाला, असं वाटून तिला अजूनच रडू आलं.

त्यानंतर पंधरा दिवस ती घरभर काहीबाही ठोकत फिरली. दारं, डबे, भिंती. ऐकू नीट यायचं, पण आपल्याच कानांवर विश्वास बसेना.

मग भावजयीला ताप आला आणि भावाचे कपडे धुवायला ती बसली. कपाटामागे कोंबलेला त्याचा कामाचा कोट तिनेच ओढून काढला. दोन्ही बाह्या खांद्यापर्यंत डिंकाने कडक झालेल्या. पूड कालवायचं काम कोठारातल्या बायकांचं; मॅनेजरच्या बाहीला डिंक कसा? आणि तोही हात वर करून काही फासल्यासारखा? बाह्या चोळताना निळसर पाणी शेजारच्या तडकलेल्या कुंडीवर उडालं. कुंडी वाळल्यावर तिने सवयीने तिच्यावर बोट मारलं. कालपर्यंत भद्द वाजणारी कुंडी खणखणली.

ती तशीच ओल्या हातांनी खाणीच्या ऑफिसात गेली.

"सात नंबरच्या छताला तू मधुगार फासलीस?"

त्याने आधी दार लावलं. "हळू बोल गं. तिथे पोकळी आहे हे छताला टेकू लावणाऱ्या मिस्त्रीने मला आधीच सांगितलं होतं. तू थांबा म्हणाली असतीस तर बोगदा बंद, आणि माझी खुर्ची गेली असती. आठ दिवसांचं तर काम उरलं होतं. इतक्यात पडेल असं वाटलं नाही."

"आणि माझे कान?"

"म्हणजे?"

"पंधरा दिवस मी स्वतःला बहिरी समजतेय. लंबूच्या बायकोच्या पाया पडून आले. तुला सगळं ठाऊक होतं."

तो टेबलावरचे कागद उगाच सारखे करत राहिला. "कोणावर तरी येणारच होतं, ताई. तुझ्यावर सगळ्यांचा जीव आहे. तुला लोक माफ करतील असं वाटलं."

 तिने विचारलं, "अजून कुठे फासलीस?"

त्याची नजर भिंतीवरच्या नकाशात नऊ नंबरवर गेली.

दुपारची पाळी नऊ नंबरच्या तोंडाशीच उभी होती. तिने सगळ्यांना थांबवलं, गरम पाण्याची बादली आणि लांब दांड्याचा ब्रश मागवला. आधी छत ठोकलं. खणखणीत. मग घासून घासून धुतलं आणि पुन्हा ठोकलं. भद्द. चाळीस माणसांनी ऐकलं. 

"हे कुणी केलं?" मुकादमाने विचारलं.

"माझ्या भावाने," ती म्हणाली. 

चौकशी झाली, मिस्त्रीने साक्ष दिली आणि भावाची नोकरी गेली. कानाबाईला लोकांनी परत बोलावलं आणि तीही गेली. पण आता ती दोघांना बरोबर घ्यायची, आपल्यामागून त्यांनाही ठोकायला लावायची.

भाऊ गाव सोडून निघाला त्या दिवशी भावजय डोळे पुसत दारात आली. "ताई, ते गाडीत बसलेत. एकदा येता का?"

"नाही गं," कानाबाई म्हणाली. तिने भावजयीच्या खांद्यावरून घसरलेली पिशवी नीट केली. "तू मात्र पोचलीस की कळव."