दादाचं बोलणं

चौदा सिनेमांत धाकट्याने एकच माणूस रंगवला होता, शब्दाशब्दाला अडखळणारा कारकून. तो नुसतं साहेबांचं नाव घ्यायला लागला, की लोक थिएटर डोक्यावर घ्यायचे. ते अडखळणं त्याने थोरल्या भावाकडून उचललं होतं. न विचारता, चोरलंच म्हणा ना. दादा शिंपी होता. आपण यातला एकही सिनेमा पाहिला नाही, असं तो म्हणायचा.

त्या दुपारी धाकटा दादाच्या दुकानात कोट न्यायला आला होता. खोटी मिशी उतरवली की त्याला काळं कुत्रं विचारत नसे. तेवढ्यात एक गिऱ्हाईक आलं.

"मास्तर, पँट कधी मिळेल?"

"प... प... परवा," दादा म्हणाला. मान एका बाजूला कलली, डोळे मिटले.

गिऱ्हाइकाने टाळीच वाजवली. "अरे वा! हुबेहूब सिनेमातला तो कारकून! पुन्हा एकदा करा ना!"

धाकट्याचे कान तापले. एक वाक्य बोललं असतं तरी पुरलं असतं, पण तो कोटाची बटणं लावत राहिला. दादाने त्याच्याकडे एकवार पाहिलं, आणि गिऱ्हाईक दुखावू नये म्हणून पुन्हा अडखळला. या वेळी मुद्दाम.

गिऱ्हाइकाने धाकट्याला कोपराने ढोसलं. "काय हो, तुम्हाला नाही हसू आलं?"

धाकटा हसला. कसलेला नट होता, हसणं अगदी खरं वाटलं.

मान खाली घातली, ती दादाने.