कौलांचा खेळ

वीट पडद्याच्या वरच्या कडेला उमटायच्या आधीच सुशीलाबाईंचा उजवा अंगठा बटणावर टेकलेला असे. टेकलेला, दाबलेला नव्हे. वीट खाली सरकू लागली की तो अंगठा एकदाच हाले आणि वीट बरोबर फटीत जाऊन बसे. श्रीलक्ष्मीनं दाराशी उभं राहून हे तीन-चारदा पाहिलं. पाणी तपासणीच्या प्रयोगशाळेत तिची अठरा वर्षं गेली होती. थेंब मोजून सोडायच्या ब्युरेटच्या तोटीवरचा हात नवा आहे की मुरलेला, हे तिला लांबून कळे. आईचा हात नवा नव्हता. पण हा खेळ घरात येऊन जेमतेम सहा आठवडे झाले होते, आणि सहा आठवड्यांत हात इतका मुरत नाही.

"आई, डावीकडं घाला, डावीकडं," अनिश म्हणाला.

"गप्प बस की. तुझी पाळी आली की तू घाल डावीकडं."

"गेली बघा ती वीट."

"गेली कुठं? बसली. ह्यांग कुंतैति नोड," सुशीलाबाई कन्नडमध्ये म्हणाल्या, कशी बसलीय बघ, आणि दोघंही हसले.

श्रीलक्ष्मीनं पर्स खुंटीला अडकवली. दिवाळीपर्यंत आई जावयाला 'अनिशराव, तुम्ही' म्हणत होती. आता 'तू' झाला होता. तो कुठल्या दिवशी झाला, हेही कुणी श्रीलक्ष्मीला सांगितलं नव्हतं.

"आलीस? चहा झाकून ठेवलाय," आई मान वर न करता म्हणाली.

ते यंत्र अनिशनं मागवलं होतं. यंत्र नवं, पण त्यावरचे खेळ पंचवीस-तीस वर्षांपूर्वीचे, तळहातावर मावणाऱ्या तेव्हाच्या व्हिडिओ गेमचे. नखाएवढ्या कार्डात असे शंभरेक खेळ भरलेले होते, आणि मागच्या खाचेत जुनी खरी कॅसेटही बसे. अनिश कॉलेजात संगणक शिकवायचा, त्याला या गोष्टींचं वेड. त्यानं ते स्वतःसाठीच आणलं होतं. सासूबाईंच्या हातात दिलं ते गंमत म्हणून. मोतीबिंदू काढल्यावर सुशीलाबाईंना वाचन मोजकंच करायला सांगितलं होतं, पण हा पडदा चांगला उजळ होता. तेव्हापासून रोज संध्याकाळी पाच ते सात धारवाडला सप्तापूरच्या त्या घरात मधल्या खोलीत दोन डोकी एका पडद्यावर वाकलेली असत. एकाचा डाव संपला की यंत्र दुसऱ्याच्या हातात.

श्रीलक्ष्मीला हेवा वाटत होता. ती प्रामाणिक बाई होती. स्वतःशी तिनं त्याला दुसरं नाव दिलं नाही. पण हेवा नक्की कुणाचा, हे तिला वेगळं काढता येईना. नवरा तिच्याशेजारी कधी असा खांद्याला खांदा लावून दोन तास बसला नव्हता, हे खरं. आणि आई? आई तर कुणाशेजारीच बसलेली तिनं पाहिली नव्हती. हुबळीच्या कमरीपेठेतल्या त्या दोन खोल्यांत सुशीलाबाई शाळेतून येत त्या गणिताच्या वह्यांचा गठ्ठा घेऊन. स्वयंपाकही उभ्यानं, जेवणही जवळजवळ उभ्यानं. "आई, बघ ना," म्हणून श्रीलक्ष्मी काही दाखवायला गेली, की "ठेव तिथं, बघते" असं उत्तर येई. ठेवलेलं तिथंच राही.

मस्कतच्या मामानं आणलेला व्हिडिओ गेमही असाच. त्यात एकाच खेळाची कॅसेट होती. त्याचं नाव जपानी अक्षरांत, म्हणून घरात त्याला 'कौलं' म्हणत. वरून कौलं पडायची, ती बसवून छप्पर पुरं करायचं. श्रीलक्ष्मी त्यात तरबेज झाली होती. दहावीच्या वर्षी पहिल्या जानेवारीला आईनं तो गेम उचलला आणि लोखंडी कपाटात कुलूप लावून ठेवला. "परीक्षा झाल्यावर," एवढंच म्हणाली. परीक्षा झाली, किल्ली टेबलावर आली. श्रीलक्ष्मीनं ती उचलली नाही. मागितलं नाही, रडली नाही, पुन्हा त्या गेमला हातही लावला नाही. आपल्याला राग आलाय हे आईला कळावं, एवढीच तिची इच्छा होती. आईला कळलं की नाही, हे तिला कधीच कळलं नाही.

आणि आता तीच आई जावयाला चापट मारून म्हणत होती, "लबाडी करू नकोस, माझी पाळी."

एका गुरुवारी दोघांनी आग्रह करून यंत्र श्रीलक्ष्मीच्या हातात दिलं. दोन्ही बाजूंनी सूचना सुरू झाल्या. दोन मिनिटांत विटा वरपर्यंत चढल्या.

"सवयीनं येईल ग," अनिश म्हणाला.

त्या सौजन्यानंच तिच्या डोक्यात तिडीक गेली. दुसऱ्या दिवशी कामावर जाताना तिनं यंत्राची चार्जिंगची वायर पर्समध्ये टाकली. कुणी विचारलं तर 'चुकून' असं ती म्हणणार होती. संध्याकाळी परतली तर दोघं खेळतच होती. मोबाईलची वायर त्याला चालत होती.

या सगळ्यात एक गोष्ट लोंबकळत पडली होती. सुशीलाबाई चार महिन्यांपूर्वी पडल्या, तेव्हा कमरीपेठेतल्या खोल्या सोडून त्यांना इथं आणलं होतं, तात्पुरतं म्हणून. पुण्यातला मोठा भाऊ वेंकटेश आईला कायमची न्यायला तयार होता. मोठा फ्लॅट, वेगळी खोली, बाथरूममध्ये धरायला दांडेसुद्धा बसवून घेणार होता. दर रविवारी अकराच्या सुमाराला त्याचा फोन येई.

"काय ठरलं ग?"

"पुढच्या रविवारी सांगते, अण्णा."

असे पाच रविवार गेले होते. अनिशला विचारलं तर तो म्हणे, "आई तुझी. तू सांगशील तसं." आईला विचारलं तर ती म्हणे, "तुम्ही भावंडं ठरवा. माझं काय, पिशवी भरायला दहा मिनिटं." सुरुवातीला श्रीलक्ष्मीला नाही म्हणायचं होतं. पण नाही म्हणायला सांगण्यासारखं कारण सापडेना, आणि त्यात ही विटांची रोजची संध्याकाळ. गेल्या पंधरवड्यात तिच्या मनात एक वाक्य तयार होऊन बसलं होतं: अण्णा, घेऊन जा. आई पुण्याला गेली की ही दोन डोकी एका पडद्यावर दिसणार नाहीत. असा विचार करणं बरं नव्हे, हे तिला कळत होतं. तरी तो रोज सात वाजता येत होता.

सहाव्या रविवारी सकाळी अनिशनं माळ्यावरची ट्रंक खाली काढली. कमरीपेठेचं सामान आलं तेव्हापासून ती तशीच बंद होती. थोड्या वेळानं तो हातात राखाडी रंगाची कॅसेट घेऊन आला.

"ही कसली? वर जपानी आहे काहीतरी."

"कौलं," श्रीलक्ष्मी म्हणाली.

सुशीलाबाई खिडकीशी मेथी निवडत होत्या. त्यांचा हात थांबला. "ती चालायची नाही आता," त्या म्हणाल्या. "ठेव तशीच."

अनिशनं ती यंत्राच्या खाचेत बसवली. पडदा कोराच राहिला. त्यानं कॅसेट काढून फुंकर मारली, पुन्हा बसवली. तरी कोरा.

"फुंकू नकोस, थुंकी जाते आत," श्रीलक्ष्मी म्हणाली. "आण इकडं."

तिनं कपाटातून स्पिरिटची बाटली काढली, कान साफ करायच्या काडीचा कापूस त्यात बुडवला आणि कॅसेटच्या पितळी दातांवरून एकाच दिशेनं फिरवला. पहिली काडी काळी झाली, दुसरी हिरवट, तिसरी तपकिरी. पाचवी पांढरी निघाली. सहा आठवड्यांत पहिल्यांदाच त्या दोघांना तिची गरज पडली होती. काम तिनं घाईनं उरकलं नाही. स्पिरिट पुरतं उडून जाऊ दिलं. मग यंत्र अनिशच्या हातात न देता स्वतःच सुरू केलं.

छप्पर दिसलं, पाठोपाठ ते चिमणीएवढं संगीत. आणि नंतर आकड्यांची यादी आली.

"स्कोअर राहिलेत की अजून," अनिश तिच्या खांद्यावरून वाकला. "आतली बॅटरी इतकी वर्षं टिकली म्हणजे नशीबच."

दहा ओळी होत्या. प्रत्येक ओळीत आकडा आणि खेळणाऱ्याच्या नावाची तीन इंग्रजी अक्षरं. श्रीलक्ष्मीला आपला आकडा पाठ होता: अठ्ठेचाळीस हजार दोनशे. तिनं पहिली ओळ पाहिली. एकसष्ट हजार. खाली सत्तावन्न, पंचावन्न, बावन्न, एकोणपन्नास. तिचा आकडा सहावा होता. वरच्या पाचही ओळींत एकच नाव होतं. ए, ए, आय.

"आई?" अनिश वाचून म्हणाला, आणि त्यानं खिडकीकडं बघितलं.

सुशीलाबाईंनी मेथीची जुडी बाजूला ठेवली. मग पुन्हा उचलली.

"तू शाळेत गेलीस की दुपारी," त्या म्हणाल्या. "माझी सकाळची शाळा होती. त्या गेमला उजेड नव्हता आत, म्हणून असं खिडकीशी बसायचं. मला साडेतीन महिने मिळाले."

"कपाटाला कुलूप होतं," श्रीलक्ष्मी म्हणाली.

"किल्ली माझ्याकडंच होती की."

"आणि सेल?"

"घड्याळातला एक, रेडिओतला एक. संपत आले की गच्चीवर उन्हात ठेवायची. अजून अर्धा तास निघतो त्यातनं."

दहावीच्या वर्षी स्वयंपाकघरातलं घड्याळ सारखं बंद पडे आणि तिचे वडील, अप्पा, दुकानदाराला शिव्या देत, हे श्रीलक्ष्मीला आठवलं. अनिशच्या घशातून हसण्याचा आवाज निघाला. तिनं त्याच्याकडं पाहिलं, तेव्हा तो उठून पाणी प्यायला आत गेला.

"का?" तिनं विचारलं.

"काय का?"

"मला खेळू दिलं नाहीस आणि स्वतः खेळत बसलीस."

सुशीलाबाईंनी दोन काड्या निवडल्या. "तू मला तो आकडा दाखवायला आणला होतास. मी म्हटलं, ठेव तिथं, बघते. रात्री बघितला. मग सहज एक डाव खेळून पाहिला, तर माझे नऊशे झाले." त्यांनी हातातली पानं ताटात टाकली. "झोंबलं मला. वीस वर्षं गणित शिकवत होते मी तेव्हा, आणि हे माझ्या मुलीला येतं, मला येत नाही. तुझा हेवा वाटला म्हण. मुलीचा करू नये, पण झाला."

श्रीलक्ष्मीच्या हातात यंत्र तसंच होतं. संगीत पुन्हा पहिल्यापासून सुरू झालं.

"मग आपलं नाव का नाही घातलंस? सुशीला, नाहीतर काहीतरी?"

"तुला कळावं म्हणून. परीक्षा झाली की उघडशील, वर माझं नाव बघशील, चिडशील, माझ्यावर चढवायला बसशील, असं वाटलं होतं. मी किल्ली टेबलावर ठेवली की, बघ. महिनाभर ठेवली. तू हातच लावला नाहीस."

"मी रागावले होते."

"मला काय ठाऊक? तू बोललीस कुठं? मला वाटलं, मोठी झालीस, नको झालं तुला. आपणहून कसं सांगणार, ये, मी तुला हरवलंय म्हणून? ते काही आईनं सांगायचं असतं?"

त्या साडेतीन महिन्यांच्या दुपारी श्रीलक्ष्मीच्या डोळ्यांसमोर आल्या. ती बाकावर बसून प्रमेयं लिहीत होती, आणि घरी खिडकीशी आई तिचा आकडा गाठायला बसली होती. इतका वेळ आई तिच्याबरोबरच होती, फक्त ती स्वतः तिथं नव्हती. आपल्याच नावाचं काहीतरी कुणी आपल्या मागं खाऊन टाकावं, तसा नवाच हेवा तिला वाटला. अनिशचा नव्हे. त्या रिकाम्या दुपारच्या घराचा.

आणि त्याबरोबर पुण्याचा फ्लॅट डोळ्यांसमोर आला. तिथं आई उजेड शोधून खिडकीशी बसणार. वेंकटेश दारातून वाकून बघणार, 'काय ग आई, किती झाले?' असं विचारणार. ते चित्र तिला दोन क्षणही सोसेना.

"सरक थोडी," ती आईला म्हणाली आणि खिडकीशी तिच्या शेजारी बसली. मेथीचं ताट दोघींच्या मध्ये आलं, ते तिनं खाली ठेवलं. खेळ सुरू केला. पहिलं कौल तिरकं बसलं.

"उजवीकडं घालायचं होतंस," आई म्हणाली.

"गप्प बस की."

तेवढ्यात आतून अनिश श्रीलक्ष्मीचा वाजणारा फोन घेऊन आला. अकराला पाच कमी होते. वेंकटेश आज लवकर होता. श्रीलक्ष्मीनं फोन कानाला लावला. दुसऱ्या हातातलं यंत्र तिनं आईलाही दिलं नाही, नवऱ्यालाही नाही, मांडीवर धरून ठेवलं.

"ते दांडे बसवणारा माणूस उद्या येतोय ग," वेंकटेश म्हणाला. "त्याला काय सांगू? ठरलं का तुमचं?"

तिनं मनात कारणांची यादी चाळली. डोळ्यांचे डॉक्टर धारवाडचे. आईला पुण्याची गर्दी सोसायची नाही. इथं शेजारीपाजारी कन्नड बोलायला आहेत. सगळी कारणं खरी होती, आणि त्यातलं एकही तिचं कारण नव्हतं. आई दुसरीकडं बघत मेथीची रिकामी काडी मोडत होती.

"श्री? ऐकू येतंय का?"

"येतंय. अण्णा, कारण विचारू नकोस, माझ्याकडं चांगलं कारण नाही. पण आईला मी पाठवणार नाही. ती इथं राहणार, माझ्याकडं."