पार्किंगमधून कॉल

“इन्शा, घासभर तरी खा गं बाय. तांदळाची भाकरी केलीय, नानी करायची तशी.”

इन्शाने पाठ फिरवली. रडणं नाही, आदळआपट नाही. आठ वर्षांची पोर, पण पाठ अशी फिरवायची की तोंडावर दार लावावं!

“ड्रामा आहे सगळा,” नाइट ड्यूटीवरून आलेला खैरुद्दीन सॉक्स काढत म्हणाला. “तीन महिने झाले. अब खलास करो यार.”

“तुम्ही झोपा बघू,” कुलसुम म्हणाली.

इंटरनॅशनल सिटीत एक खोली आणि मुलीचा व्हिसा, एवढ्यासाठी दोघांनी सहा वर्षं दुबईत घासली होती. तोवर इन्शा रत्नागिरीला, नानीकडे. दुकानात अबाया शिवून आली की कुलसुमचा रोज व्हिडिओ कॉल. पडलेला दात, पाढे, पापे, सगळं त्या एवढ्याशा काचेतून! मग एका दुपारी नानी झोपेतच गेली. ‘मला उठवू नको हां’ असं बजावून झोपली होती, म्हणून शेजारीण येईपर्यंत इन्शा नानीचा हात धरून शहाण्यासारखी बसून राहिली.

इकडे आल्यापासून ती कुलसुमला हात लावू देत नव्हती. आई केस विंचरायला गेली, तर पोर कडकडून चावली.

कुलसुम खाली उतरली. दुकानाची गाडी यायची होती. दूध गरम करायला सांगायचं राहिलं, म्हणून तिने खैरुद्दीनला कॉल लावला, सवयीने व्हिडिओच. फोन इन्शाने उचलला.

“अम्मी!”

केवढं हसली पोरगी! पडलेल्या दाताची खिडकी दिसली. “अम्मी, मी शेपटीवाला घोडा काढलाय, दाखवू?”

कुलसुम कॉल तसाच ठेवून जिने चढत सुटली. तीन मजले! धापा टाकत दार उघडलं, हात पसरले. इन्शाने तिच्याकडे पाहिलं, हातातल्या फोनकडे पाहिलं. मग फोन पालथा ठेवला आणि भिंतीकडे तोंड केलं.

“इन्शा, मीच आहे गं. बघ ना!”

पाठ हललीसुद्धा नाही.

कुलसुमने दार हळूच ओढून घेतलं. मग ती जिने उतरली, एकेक पायरी. गाडी निघून गेली होती. ऑगस्टचं ऊन पार्किंगमध्ये नुसतं उकळत होतं. तिने पुन्हा कॉल लावला.

“अम्मी, नेटवर्क गेलं होतं ना?”

“हो गं, गेलं होतं.”

“मला इथे करमत नाही. तू कधी येणार?”

तिसऱ्या मजल्यावरची त्यांची खिडकी कुलसुमच्या अगदी पाठीशी होती. बिल्डिंग दिसू नये म्हणून तिने फोन खाली धरला. आता तिच्यामागे नुसतं आभाळ होतं.

“येणार की,” ती म्हणाली. “इन्शाल्ला, लवकरच. दाखव तुझा घोडा.”