केमी नदीवरचा बोलका बाप

माहितीपटांत मेलेली माणसं उभी करायची, हे राइमो हिएतालाचं एकतीस वर्षांचं काम. निवेदन तोच लिहायचा, वाचायचाही तोच. युद्धात पडलेले शिपाई, खेड्यातले पाद्री, खाणीत गाडले गेलेले मजूर, सगळे त्याने कॅमेऱ्याकडे पाठ करून वठवले. दुकानात त्याला कुणी ओळखत नसे. आवाज ऐकून मात्र एखादी म्हातारी वळून बघायची.

सदुसष्टाव्या वर्षी, सप्टेंबरात, तो फिनलंडच्या केमी नदीत मांडीभर पाण्यात उभा होता. हातात ओंडके ओढायची लांब आकडी. ओंडके वाहून नेताना बुडालेला एक मजूर त्याला करायचा होता. त्या मजुराची मुलगी हेल्वी काठावर खुर्ची टाकून बघत होती. बाप गेला तेव्हा ती नऊ वर्षांची होती, आता चौऱ्याहत्तर.

सहाव्यांदा पाण्यातून वर येताना राइमोचे गुडघे ठणकत होते.

"माझा बाप असा चालायचा नाही," हेल्वी म्हणाली.

"मग कसा?"

"कुणीतरी वाट बघतंय असा. तू तर चर्चमध्ये शिरल्यासारखा चालतोस."

तंबूत कॉफी पिताना दिग्दर्शिका सातूने हेल्वीच्या हातात निवेदनाचे कागद दिले. हेल्वीने चष्मा लावला.

"'तो अबोल होता, नदीसारखा.' हे कुणी लिहिलं?"

"मी," राइमो म्हणाला.

"अबोल? त्याच्या तोंडाची टकळी थांबायची नाही. आई वैतागून म्हणायची, जा, घोड्याशी बोल. तर हा खरंच जायचा, आणि तासभर घोड्याशी बोलत बसायचा."

राइमोने कागद परत घेतले. त्याला आठवलं, शिपाईही त्याने अबोल लिहिला होता, पाद्रीही, खाणीतला मजूरही. सोपं जायचं. मेलेल्यांनी कधी तक्रार केली नव्हती. आणि आपण किती थकलो आहोत, हे 'अबोल' ह्या शब्दावरून त्याला आत्ता कळत होतं.

"सातू, निवेदन काढून टाक. ह्यांना बोलू दे."

"सतरा पानं लिहिलीयस तू. लोक तुझा आवाज ऐकायला बसतात."

"सवयीने बसतात. मी पाण्यात उभा राहतो, तेवढं पुरे."

सातूने हातातला कॉफीचा कप खाली ठेवला. मग तिने कॅमेरा हेल्वीकडे वळवायला सांगितला. हेल्वी दोन तास बोलली. राइमो ओले मोजे काढून शेगडीपाशी बसला आणि ऐकता ऐकता पेंगला.

वसंतात गावच्या सभागृहात चित्रपट दाखवला. लेखक म्हणून त्याचं नाव नव्हतं, नुसतं नटांच्या यादीत होतं. घोड्याच्या गोष्टीला लोक मोठ्याने हसले. त्याच्या चित्रपटात लोक हसलेले त्याने पहिल्यांदाच ऐकले.

मे महिन्यात सातूचा फोन आला. "दीपगृहाचा एक राखणदार आहे, वादळात गेलेला. लिहिशील?"

"त्याचं कुणी जिवंत आहे?"

"एक पुतण्या."

"मग आधी त्याला गाठ. त्याचं ऐकून झालं की मला सांग."

फोन ठेवून त्याने दुखरा पाय समोरच्या खुर्चीवर टाकला आणि डोळे मिटले.