मागे ठेवू नका

शाळेच्या वर्गातली बाकं एकावर एक रचून खिडक्या बंद केल्या होत्या. मधल्या खांबाला कैदी बांधलेला. आधीच्या ठाण्यावर त्याने दोन पहारेकऱ्यांचे गळे आवळले होते, त्यामुळे त्याला पाणी पाजतानाही नाईक बंदुकीवरचा हात काढत नसे. सोबतीला एकच म्हातारा शिपाई. सगळी पलटण त्याला मामा म्हणायची. निवृत्तीला त्याचे दोन महिने उरले होते.

दुपारी फोन खणखणला. शत्रू जवळ आला होता, ठाणं सोडायचं होतं. तोफांच्या धडाडधूममध्ये साहेबांचे एवढेच शब्द नीट ऐकू आले, "कैद्याला मागे ठेवू नका." आणि लाईन तुटली.

"म्हणजे गोळी घाला," मामा म्हणाला.

"म्हणजे सोबत आणा," नाईक म्हणाला.

"अरे, साहेब लोक असंच बोलतात. उद्या कुणी विचारलं तर हात झटकायला मोकळे!"

कैदी सगळं ऐकत होता. बांधलेल्या माणसावर गोळी झाडायला नाईकाचा हात धजेना.

"चालवत नेऊ," तो म्हणाला.

वाटेत छातीभर पाण्याची नदी लागली. ओढ जबर होती. नाईक कैद्याचे हात सोडू लागला.

"नको रे बाबा," मामा म्हणाला.

"बुडेल तो, मामा."

नाईकाने दोराचं एक टोक कैद्याच्या कमरेला बांधलं, दुसरं मामाच्या हाती दिलं. स्वतः बंदूक डोक्यावर धरून मागून निघाला. मध्यावर मामाचा पाय घसरला. कैद्याने झेप घेऊन त्याला धरलं. वाचवतोय, असं नाईकाला वाटलं. कैद्याने मामाचं डोकं पाण्याखाली दाबून धरलंय हे ध्यानात येताच नाईकाने गोळी झाडली, कैदी कोसळला. पण तोवर मामाचा श्वास थांबला होता.

मुख्यालयात साहेबांनी चिखलाने माखलेल्या नाईकाला न्याहाळलं.

"इतक्या लांब कशाला आणत होतास? तिथेच संपवायला सांगितलं होतं ना?"

"साहेब, तुम्ही म्हणालात की..."

"मी काय म्हणालो ते मला माहीत आहे. जा."

नाईक मामीला पत्र लिहायला बसला. 'नदीत पाय घसरला' एवढंच लिहून त्याने कागद फाडला. दुसराही फाडला. तिसऱ्यावर लिहिलं, "मामी, कैद्याचे हात मी सोडले. मामा नको म्हणत होता."

ते पत्र त्याने टपालात टाकलं. मामीचं उत्तर कधीच आलं नाही.