बुटातलं गवत

बाहेर सत्तेचाळीस डिग्री, आणि आमचे हे आतल्या खोलीत एसी अठरावर लावून, डोक्याला कानटोपी आणि अंगावर घोंगडी घेऊन लिहीत बसलेत. सौदीतल्या दम्माममध्ये हे दृश्य मी बारा वर्षं बघतेय. "अहो, डोकं ठिकाणावर आहे का?" असं विचारलं की म्हणतात, "वातावरण लागतं गं, पद्मिनी. तिकडे उणे तीस असतं."

तिकडे म्हणजे पार उत्तरेला, नॉर्वेच्या टोकाला, जिथे सामी लोक रेनडियर पाळतात. आमचे हे, म्हणजे रत्नाकर, मूळचे नाशिकचे, पेट्रोकेमिकल कंपनीत कॉम्प्रेसर सांभाळणारे. रेनडियर कधी बघितलेला नाही. बर्फ बघितला तो फ्रीजरमधला. पण एकदा जुन्या पुस्तकांच्या दुकानात त्या मुलखावरचं एक पुस्तक हाती लागलं आणि माणूस कामातून गेला. मग पुस्तकांवर पुस्तकं आली. कुणा पाद्र्याचं, कुणा लष्करी अधिकाऱ्याचं, कुणा झाडपाला गोळा करणाऱ्याचं. ज्या कपाटात माझा डिनर सेट असायला हवा होता, तिथे ही मंडळी ऐसपैस बसलीत. दोनदा तिकडे जायचं ठरलं. एकदा नणंदेच्या मुलीचं लग्न निघालं, एकदा कंपनीने रजाच दिली नाही. तेव्हा ह्यांनी ठरवलं, जाता येत नाही तर लिहू तरी. सामी लोकांवर मराठीत जाडजूड ग्रंथ!

हे लिहिणार वहीत. टाइप कोण करणार? मी. लग्नाआधी नाशिकला एका वकिलाकडे मराठी टायपिंग करायचे, ते असं अंगाशी आलं.

माझा स्वभाव तापट आहे, हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं समजेल. चौथ्या वहीत चाळीस पानं नुसते पुरुष. पुरुष फास कसा टाकतात, लांडग्याला कसे पळवतात, मोज्यांऐवजी बुटात वाळलेलं गवत कसं भरतात. आणि शेवटी एक ओळ: "स्त्रिया कष्टाळू असतात." बस्स! पूर्णविराम! माझं टाळकंच सरकलं. त्यातून त्याच दिवशी ह्यांनी कामावरून आल्यावर घामाने भिजलेले मोजे बुटातच कोंबून ठेवले होते, रोजच्यासारखे. मी मोजे धुवायला टाकले, हात धुतले, आणि त्या ओळीच्या पुढे धडाधड टाइप केलं:

"संध्याकाळी तो बूट दारात भिरकावतो. ओलं गवत आतच. ती ते उपसून काढते, पिंजते, चुलीजवळ वाळत घालते आणि पुटपुटते, भरायचं मीच, काढायचंही मीच, ह्याला नुसते पाय दिलेत देवाने."

राग उतरल्यावर खोडणार होते. पण वाचून बघितलं तर बरं वाटलं. राहू दिलं. मग काय, चटकच लागली. कुठे एखादी सासू घुसवली, कुठे पाहुणे गेल्यावर तंबूत कोण काय बोललं ते. बारा वर्षांत अशा एकवीस जागा झाल्या.

ह्यांच्या लक्षात कसं आलं नाही? कारण हे मागचं वाचत नाहीत. "मागे वळून बघितलं की पुढचं सुचत नाही," हा ह्यांचा सिद्धांत. गेल्या वर्षी सगळं पूर्ण झालं तेव्हा एकदम वाचायला बसले. मी स्वयंपाकघरात जीव मुठीत धरून उभी. बाहेर आले ते डोळे पुसत. "अगं, ते गवताचं मी कधी लिहिलं होतं? विसरूनच गेलो होतो. काय उतरलंय!"

काही चांगलं दिसलं की ते आपणच केलेलं असणार, हा विश्वास कुठून आणतात ही माणसं, देव जाणे. पण त्यांचा चेहरा इतका खुलला होता, की मी गप्प बसले. तिथेच चुकलं माझं.

पुण्याच्या प्रकाशकांचं उत्तर आलं. पुस्तक आवडलं, विशेषतः बायकांचे प्रसंग. "परंतु आपण त्या प्रदेशात गेलेला नाहीत. तिथल्या एखाद्या जाणकाराकडून मजकूर तपासून त्याचं पत्र आणलंत, तर छापू." आता दम्माममध्ये सामी माणूस कुठून आणायचा? फिलिपिनो मिळेल, सुदानी मिळेल, आपला केरळी तर दर कोपऱ्यावर. वर्ष गेलं. ह्यांनी कानटोपी कपाटात ठेवून दिली. कधी नव्हे ते मला तिची आठवण यायला लागली.

आणि गेल्या महिन्यात एक दिवस हे बूट न काढताच घरात घुसले. "पद्मिनी! सामी! खराखुरा सामी माणूस! कॅन्टीनमध्ये माझ्यासमोर बसून डाळ-भात खात होता!"

नवा कॉम्प्रेसर बसवायला नॉर्वेहून तीन आठवड्यांसाठी आलेला इंजिनिअर, मिक्केल त्याचं नाव. त्याच्या मोबाइलवर भावाच्या कळपाचा फोटो ह्यांनी बघितला आणि झडपच घातली. "मी विचारलं, तुमचे रेनडियर किती? तर म्हणाला, आजची डाळ छान झालीय. फार लाजाळू लोक गं हे! शुक्रवारी जेवायला बोलावलंय. प्रकरणं वाचून दाखवायची, आपली क्षितिजा इंग्रजी करून सांगेल. पत्र द्यायला तयार आहे, फक्त म्हणाला, आधी ऐकतो."

झालं! तो माणूस म्हणणार, ह्या बायकांच्या गोष्टी कुठून आणल्या, सगळं खोटं आहे. मग कसलं पत्र आणि कसलं पुस्तक! बारा वर्षांची मेहनत, आणि तिच्यात माती कालवली कुणी, तर बायकोने. गुरुवारी दोनदा सांगायला गेले. एकदा हे मिक्केलसाठी खुर्ची कुठे ठेवावी ते बघत होते, दुसऱ्यांदा चक्क गुणगुणत होते. मी परत फिरले.

शुक्रवारी दुपारी मिक्केल आला. पन्नाशीचा, बुटका, हसरा, अर्ध्या चड्डीत. ह्यांनी त्याच्या सन्मानार्थ एसी सोळावर नेला होता. दहा मिनिटांनी पाहुणा हात चोळत म्हणाला, "जरा बंद करता का? मला थंडी सोसत नाही. उन्हासाठीच तर हे काम मागून घेतलं."

काळ्या मसाल्याचा रस्सा त्याने नाक पुसत पुसत दोनदा घेतला. मग टेबल आवरलं, आणि हे परीक्षेला बसल्यासारखे पेन्सिल घेऊन बसले. हे वाचणार, बारावीतली आमची लेक क्षितिजा इंग्रजीतून सांगणार. मी दाराशी उभी.

पहिलं प्रकरण, तंबूतलं जीवन. मिक्केल म्हणाला, "माझ्या भावाच्या घरात फरशीसुद्धा गरम असते. कळपामागे तो स्नोमोबाइलवर जातो. हल्ली ड्रोनही उडवतो." ह्यांनी पेन्सिलीने खूण केली. दुसरं प्रकरण, देवधर्म. हे त्या पाद्र्याच्या आधाराने लिहिलेलं. मिक्केलचं हसू गेलं. "हे कुणी लिहिलंय ते मला माहीत आहे," तो म्हणाला. "असल्याच लोकांनी आमचे पूजेचे ढोल जाळले. आमच्याबद्दल विचारायला तुम्हाला हाच भेटला का?" ह्यांनी पुन्हा खूण केली. तिसऱ्या प्रकरणात तर पान भरून खुणा. ह्यांचा चेहरा उतरत चालला होता. इतका शहाणा माणूस माझा, शाळेतल्या पोरासारखा खाली मान घालून बसलेला. मला रडू यायला लागलं. अजून तर माझं पाप बाहेर यायचंच होतं.

चौथं प्रकरण. फास, लांडगे, गवत. "स्त्रिया कष्टाळू असतात." आणि मग आला माझा मजकूर. हे वाचत होते, क्षितिजा सांगत होती, आणि मी पदराचं टोक दातात धरून उभी होते.

मिक्केल खुर्चीत पुढे सरकला. "परत वाचा." क्षितिजाने परत सांगितलं. तर हा माणूस हसायलाच लागला, आणि हसता हसता डोळ्यांतून पाणी. "ही माझी आह्कू! माझी आजी! आजोबांचे बूट अस्से दारात, गवत ओलं आत, आणि आजीची टकळी सुरू. गवत कापायची ती, वाळवायची ती, भरायची ती. हे कुठल्या पुस्तकात मिळालं तुम्हाला?"

ह्यांनी गडबडीने पान उलटलं. "थांबा, पुढे अजून आहे." पुढेही माझंच. एक पाहुणा तंबूत शिरतो आणि विचारतो, "तुमचे रेनडियर किती?" बाई त्याच्या ताटात वाढते आणि म्हणते, "आधी जेवा." आता हे मला कुठून सुचलं? आपल्या मंडळाच्या गणपतीतून. तिथे कुणीतरी येतंच, "काय, पॅकेज किती?" आणि आपण मोदक पुढे करतो.

मिक्केलने टेबलावर हात आपटला. "बरोब्बर! हे आमच्यात विचारायचंच नसतं. बँकेचं पासबुक मागितल्यासारखं आहे ते. विचारलंच कुणी, तर आम्ही म्हणतो, झाडाच्या ह्या बाजूला थोडे, त्या बाजूला थोडे." मग ह्यांच्याकडे बघून मिश्कीलपणे म्हणाला, "हे तुम्ही लिहिलंत, आणि तरी कॅन्टीनमध्ये मलाच विचारलंत?"

आमचे हे गोरेमोरे झाले. कारण ह्यांनी वाचलेल्या पुस्तकांत अधिकाऱ्यांनी घरोघर रेनडियर मोजून तक्ते छापले होते. मोजायचं नसतं, हे त्यांत कुठून असणार?

"कुठलं पुस्तक?" मिक्केलने पुन्हा विचारलं. ह्यांच्या प्रत्येक परिच्छेदाला समासात पुस्तकाचा क्रमांक असतो. इथे समास कोरा. हे उठले, चौथी वही काढून आणली. पान सापडलं. "स्त्रिया कष्टाळू असतात." आणि त्याखाली थेट नवं प्रकरण. हे वहीकडे बघताहेत, छापील पानाकडे बघताहेत, पुन्हा वहीकडे.

क्षितिजा म्हणाली, "बाबा, इट्स सो ऑब्व्हियसली आई!"

"मीच लिहिलं," मी म्हणाले. "एकवीस ठिकाणी आहे. सगळं सांगते. चुकलं माझं."

ह्यांनी वही मिटली. "एकवीस," एवढंच म्हणाले. मिक्केलने क्षितिजाला विचारून सगळं समजून घेतलं, माझ्याकडे वळून हसून मान लववली, आणि तिथेच बसून पत्र लिहिलं. "पुरुषांची प्रकरणं दुरुस्त करावी लागतील, खुणा केल्या आहेत; बायकांच्या प्रसंगांना हात लावू नये, त्यात माझी आजी आहे." खाली सही.

पत्र मिळालं. पुस्तक बचावलं. आणि तीन दिवस हे कामावरून आले की चौथी वही घेऊन आतल्या खोलीत. भांडले असते तर मी दोन हात केले असते, पण हे भांडेनातच. पत्र टेबलावर पडलेलं, प्रकाशकांना पाठवलेलं नाही. पुस्तकातलं ह्यांचं सगळ्यात लाडकं होतं ते गवत, आणि तेच मी हातातून काढून घेतलं होतं. मला फार वाईट वाटत होतं, आणि खोटं का बोलू, आतून उकळ्याही फुटत होत्या. त्या उकळ्यांचंही वाईट वाटत होतं.

चौथ्या दिवशी हे कामावरून आले. दारात बसून बूट काढले. मोजे काढले, ते हातात घेऊन थेट वॉशिंग मशीनपर्यंत गेले. तीस वर्षांच्या संसारात पहिल्यांदा. मी कणीक मळता मळता थांबले.

मग सातवी वही घेऊन स्वयंपाकघरात आले. "सत्तर पानं आहेत," म्हणाले. "कळप हिवाळी कुरणात नेतात त्यावर. ह्यात एकही बाई नाही. तू पण घातलेली नाहीस."

"त्या वर्षी माझं गुडघ्याचं ऑपरेशन होतं," मी म्हणाले. "लिहायला बसवत नव्हतं."

"त्या बायका तेव्हा कुठे होत्या, माझ्या एकाही पुस्तकात नाही गं. मिक्केलची आई आहे अजून, ब्याऐंशी वर्षांची. तो फोन लावून देणार आहे. तू बोल तिच्याशी. मी बोललो तर पुन्हा काहीतरी मोजायला जाईन." मग लॅपटॉप ओट्यावर ठेवला, स्टूल ओढलं आणि चष्मा पुसला. "तोवर तुझ्या मनात काय येतंय ते सांग. मी टाइप करतो."

एका बोटाने टाइप करतात. पहिलं वाक्य उतरायला वीस मिनिटं लागली, आणि मी एकदाही ओरडले नाही.