दुसऱ्या खेळाडूचा वेग

धाकटीने फुंकर मारून कॅसेट जुन्या व्हिडिओ गेमच्या डब्यात बसवली आणि एक रिमोट दादाच्या मांडीवर टाकला.

या घरात भावंडांचा प्रत्येक वाद टीव्हीवरच्या याच फुटबॉलवर मिटत आला होता. खिडकीजवळची खाट कुणाची इथपासून शिकायला बाहेर कोण जाणार आणि बाबांच्या मोटार वाइंडिंगच्या दुकानात कोण बसणार इथपर्यंत. दादा जिंकला, दादा गेला. धाकटी जळालेल्या मोटारींना नवी तांब्याची तार गुंडाळत राहिली, बाबांच्या माघारी दुकानही तिनेच चालवलं. आता हा शहाणा पाहुण्यासारखा येऊन म्हणत होता, दुकान बंद करू, तुला एकटीला कुठवर झेपणार. अहो, अर्ध्या वस्तीचे पंप तिच्या हातून फिरत होते! नेहमीसारखं ठरवू, असं धाकटी म्हणाली. दादा लगेच तयार झाला. तो कधी हरलाच नव्हता.

खेळ मूळचा परदेशी. त्यातलं एक अक्षर दोघांना कळत नसे. पण हौसेला मोल नसतं. कुणा हौशी मंडळींनी त्या जुन्या खेळाचं मराठी करून ठेवलं होतं आणि धाकटीने ते कॅसेटमध्ये भरून आणलं होतं. दादाला गंमत दाखवायची, एवढंच तिच्या मनात होतं.

दादाचा अंगठा मात्र जुन्या सवयीने केव्हाच चालला होता. दोनदा खाली, एकदा डावीकडे. लहानपणी विचारलं की म्हणायचा, आवाज कमी करतोय, बाबा झोपलेत. पडद्यावर स्वच्छ मराठीत उमटलं, ‘दुसऱ्या खेळाडूचा वेग: कमी’.

दुसरा रिमोट कायम धाकटीचा असे.

धाकटीच्या डोक्यात तिडीक गेली. इतकी वर्षं ती स्वतःलाच मंद समजत आली होती. दादाचे कान लाल झाले. लहान होतो गं, बटणं दाबता दाबता सापडलं होतं, असं पुटपुटत तो घाईने वेग वाढवायला गेला. तिने त्याचं मनगट धरलं.

“हात लावू नकोस. राहू दे तसंच.”

“अगं, हरशील.”

“मी याच वेगावर शिकलेय, दादा.”

दादाचे खेळाडू सुसाट धावले. धावणं तेवढंच त्याला येत होतं, आणि आता बोटंही गंजली होती. धाकटीचे रखडत चालत, पण चेंडू एकाच्या पायात ठरत नव्हता. पळता येत नाही म्हणून ती पास द्यायला शिकली होती. शेवटची शिट्टी झाली तेव्हा दादा एका गोलने मागे होता.

त्याने घसा खाकरला.

“आणखी एक डाव?”

त्याने मान वळवली, तर शेजारी नुसता रिमोट पडला होता. खाली दुकानाचं शटर वर सरकत होतं.